साबोनिस आणि उशिरा उघडलेले दार

एनबीएच्या नोंदींत आर्विदास साबोनिसच्या नावापुढे साखळी फेरीचे ४७० सामने आणि सरासरी १२ गुण एवढाच हिशेब दिसतो. तरीही बास्केटबॉलच्या इतिहासातील श्रेष्ठ सेंटरमध्ये त्याची गणना होते. हे कोडे उलगडायचे, तर त्याच्या खेळाइतकाच विसाव्या शतकाच्या अखेरच्या युरोपचा नकाशाही समोर ठेवावा लागतो.

व्यावसायिक खेळाडूने देश बदलणे ही आज नवलाची गोष्ट राहिलेली नाही. युरोपातील फुटबॉल क्लबांच्या कोट्यवधींच्या करारांच्या बातम्या आपण नित्य वाचतो. आयपीएलच्या लिलावामुळे खेळाडूवर बोली लागणेही आपल्या अंगवळणी पडले आहे. त्यामुळे एखादा गुणी खेळाडू ऐन उमेदीत जगातील सर्वोत्तम लीगमध्ये का खेळला नाही, असा प्रश्न पडला की आपण दोनच उत्तरे गृहीत धरतो. एक तर तो तेवढा चांगला नसावा किंवा त्याला मनासारखे पैसे मिळाले नसावेत. लिथुआनियाच्या आर्विदास साबोनिसची कारकीर्द या दोन्ही उत्तरांत बसत नाही.

सात फूट तीन इंच उंचीच्या या खेळाडूला अमेरिकेतील पोर्टलंडच्या संघाने १९८६मध्ये निवडले, तेव्हा तो २१ वर्षांचा होता. प्रत्यक्षात तो पोर्टलंडकडून मैदानात उतरला १९९५मध्ये. त्या वेळी त्याने वयाची तिशी ओलांडली होती आणि त्याच्या पायांनी त्याची साथ जवळपास सोडली होती. मधल्या नऊ वर्षांत त्याने ऑलिम्पिक सुवर्णपदक जिंकले, स्पेनमध्ये दोन क्लबांकडून खेळला, युरोपचे विजेतेपद मिळवले आणि एका देशाचा नागरिक म्हणून सुरुवात करून दुसऱ्याच देशाच्या ध्वजाखाली पदक घेतले. यातले काही त्याने ठरवले होते, बरेचसे त्याच्यासाठी इतरांनी ठरवले. व्यावसायिक खेळाडूच्या आयुष्यात क्लब, महासंघ आणि सरकार यांचा वाटा किती असतो, हे समजून घेण्यासाठी साबोनिसइतके बोलके उदाहरण क्वचितच सापडेल.

काउनासचा वारसा

साबोनिसचा जन्म १९ डिसेंबर १९६४ रोजी लिथुआनियातील काउनास या शहरात झाला. बाल्टिक समुद्राच्या काठावरचा हा देश लोकसंख्येने आजच्या पुणे शहराहूनही लहान आहे. मात्र बास्केटबॉलचे वेड तेथे जुने आहे. स्वतंत्र लिथुआनियाने १९३७मध्ये रिगा येथे आणि १९३९मध्ये काउनास येथे युरोपीय अजिंक्यपद जिंकले होते. या यशात अमेरिकेत जन्मलेल्या एका लिथुआनियन वंशाच्या खेळाडूचा मोठा हात होता. फ्रँक ल्युबिन हे त्याचे नाव. १९३६च्या बर्लिन ऑलिम्पिकमध्ये सुवर्णपदक जिंकणाऱ्या अमेरिकी संघाचा तो सदस्य होता. आई-वडिलांच्या देशात येऊन त्याने तेथील खेळाडूंना नवे तंत्र शिकवले. म्हणजे बास्केटबॉलपटूने सीमा ओलांडण्याची कथा लिथुआनियात साबोनिसच्या कितीतरी आधी सुरू झाली होती.

१९४०मध्ये सोव्हिएत युनियनने लिथुआनिया गिळंकृत केला. त्यानंतर जर्मन फौजा आल्या, १९४४मध्ये पुन्हा सोव्हिएत फौजा आल्या आणि पुढची साडेचार दशके लिथुआनियाचा राष्ट्रीय संघ उरलाच नाही. उरला तो काउनासचा झाल्गिरिस हा क्लब. १४१०च्या ज्या लढाईत पोलंड व लिथुआनियाच्या फौजांनी जर्मन सरदारांच्या ट्युटॉनिक ऑर्डरचा पराभव केला, त्या लढाईचे लिथुआनियन भाषेतील नाव या क्लबला दिलेले होते. राष्ट्रध्वज फडकवण्यास बंदी असलेल्या काळात या क्लबच्या हिरव्या-पांढऱ्या रंगांना काय अर्थ प्राप्त झाला असेल, याची कल्पना करता येते.

साबोनिस १९८१मध्ये झाल्गिरिसच्या मुख्य संघात आला. प्रशिक्षक व्लादास गारास्तास यांच्या मार्गदर्शनाखाली या संघाने १९८५, १९८६ आणि १९८७ अशी सलग तीन वर्षे सोव्हिएत अजिंक्यपद पटकावले. तिन्ही वेळा त्यांचा मुख्य प्रतिस्पर्धी होता मॉस्कोचा सीएसकेए, म्हणजे सोव्हिएत लष्कराचा क्लब. काउनासच्या प्रेक्षकांसाठी या लढती निव्वळ क्रीडास्पर्धा राहिल्या नव्हत्या.

कागदावरचे हौशी

सोव्हिएत क्रीडाव्यवस्थेत 'व्यावसायिक खेळाडू' असा शब्दच नव्हता. खेळाडू कागदोपत्री विद्यार्थी असे, सैनिक असे किंवा एखाद्या कारखान्याचा कर्मचारी असे. प्रत्यक्षात तो वर्षभर सराव आणि सामने यांतच गुंतलेला असे. ऑलिम्पिकमध्ये त्या काळी फक्त हौशी खेळाडूंना प्रवेश असल्यामुळे ही व्यवस्था सोयीची होती. पदके देशाला मिळत आणि खेळाडूला सदनिका, मोटार, परदेश प्रवास अशा सवलती मिळत. मात्र सवलत आणि हक्क यांत फरक असतो. सवलत देणारा ती काढूनही घेऊ शकतो. खेळाडूचा पासपोर्ट त्याच्या खिशात नसे, तो क्रीडा समितीच्या ताब्यात असे. सक्तीच्या लष्करी सेवेचे निमित्त करून लष्करी क्लब इतर संघांतील चांगले खेळाडू आपल्याकडे ओढून घेत, हाही त्या व्यवस्थेचाच भाग होता.

साबोनिसच्या गुणवत्तेबद्दल मात्र कोणाच्याही मनात शंका नव्हती. १९८२मध्ये कोलंबियात झालेली जागतिक स्पर्धा सोव्हिएत युनियनने अमेरिकेला अंतिम सामन्यात ९५-९४ असे नमवून जिंकली, तेव्हा १७ वर्षांचा साबोनिस त्या संघात होता. त्याच वर्षी सोव्हिएत संघाने अमेरिकेतील विद्यापीठांच्या संघांविरुद्ध सामने खेळण्यासाठी दौरा केला आणि तेथील प्रशिक्षकांनी या पोरसवदा सेंटरला प्रथमच जवळून पाहिले.

त्यांना अचंबा कशाचा वाटला, हे समजण्यासाठी सेंटर म्हणजे काय ते सांगायला हवे. संघातील सर्वांत उंच खेळाडू बहुधा या जागेवर खेळतो. रिंगखाली उभे राहणे, हुकलेला चेंडू म्हणजे रिबाउंड ताब्यात घेणे आणि जवळून बास्केट करणे, ही त्याची परंपरागत कामे. चेंडू घेऊन पळणे, दूरवरून फेक करणे आणि सहकाऱ्यांना पास देणे ही बुटक्या, चपळ गार्डची कामे समजली जात. साबोनिस दोन्ही कामे करत असे. रिबाउंड घेतल्यावर तो स्वतः चेंडू टप्पे देत मैदानभर घेऊन जाई. न पाहता पाठीमागून पास देई. तीन गुणांच्या रेषेबाहेरून अचूक फेक करी. एनबीएचा माजी खेळाडू आणि समालोचक बिल वॉल्टन याने पुढे त्याचे वर्णन सात फूट तीन इंचांचा लॅरी बर्ड असे केले. बॉस्टनचा बर्ड हा फेक आणि पास या दोन्ही कलांतला उस्ताद मानला जातो, हे लक्षात घेतले की या वर्णनाचे वजन कळते.

पण याच काळात व्यवस्थेने घातलेल्या मर्यादाही दिसू लागल्या. १९८४च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकवर सोव्हिएत युनियनने बहिष्कार टाकला आणि साबोनिसची पहिली ऑलिम्पिक संधी राजकारणात वाहून गेली. १९८५मध्ये स्टुटगार्टला झालेल्या युरोपीय स्पर्धेत सोव्हिएत संघाने सुवर्णपदक जिंकले आणि साबोनिस स्पर्धेतील सर्वोत्तम खेळाडू ठरला. पुढच्या वर्षी झाल्गिरिस युरोपीय चषकाच्या अंतिम फेरीत पोहोचला. बुडापेस्टमधील त्या सामन्यात समोर युगोस्लाव्हियाचा सिबोना झाग्रेब हा संघ होता आणि त्या संघात द्राझेन पेट्रोविच होता. प्रतिस्पर्धी खेळाडूला ठोसा मारल्याबद्दल साबोनिसला मैदानाबाहेर काढण्यात आले आणि झाल्गिरिसने सामना ९४-८२ असा गमावला.

दोन ड्राफ्ट, एक बंद दार

अमेरिकेतील एनबीए लीगमध्ये नव्या खेळाडूंची वाटणी ड्राफ्ट या पद्धतीने होते. दरवर्षी संघ ठरलेल्या क्रमाने एकेक खेळाडू निवडतात. आदल्या हंगामात मागे पडलेल्या संघांना आधी निवडण्याची संधी मिळावी, असे या क्रमामागचे तत्त्व आहे. आपल्याकडे हा शब्द अनेकांना माहीत झाला तो २०१५मध्ये. पंजाबच्या सतनाम सिंगला त्या वर्षी डलास मॅव्हरिक्सने ५२व्या क्रमांकावर निवडले आणि तो एनबीए ड्राफ्टमध्ये निवडला गेलेला पहिला भारतीय ठरला. मात्र निवड म्हणजे नोकरी नव्हे. निवड झाली की त्या खेळाडूशी वाटाघाटी करण्याचा हक्क लीगमधील त्या एकाच संघाला मिळतो, एवढाच तिचा अर्थ.

साबोनिसची निवड दोनदा झाली. १९८५मध्ये अटलांटा हॉक्सने त्याला ७७व्या क्रमांकावर निवडले. तेव्हा त्याला २१ वर्षे पूर्ण झालेली नसल्यामुळे लीगने ती निवड रद्द केली. १९८६मध्ये पोर्टलंड ट्रेल ब्लेझर्सने त्याला पहिल्या फेरीत २४व्या क्रमांकावर निवडले. त्याच ड्राफ्टमध्ये याच संघाने पेट्रोविचलाही ६०व्या क्रमांकावर घेतले. पेट्रोविच स्पेनमार्गे १९८९मध्ये पोर्टलंडला पोहोचला. पुढे न्यू जर्सीकडून खेळताना त्याने नाव कमावले आणि १९९३मध्ये जर्मनीतील मोटार अपघातात त्याचा मृत्यू झाला. साबोनिस मात्र सोव्हिएत नागरिक होता. पोर्टलंडने कराराचा कागद पुढे केला, तरी त्यावर सही करण्याची परवानगी मॉस्कोहून यायला हवी होती. ती आली नाही.

सेऊलचे सुवर्ण आणि टाचेची किंमत

याच सुमारास साबोनिसच्या पायाने दगा दिला. पोटरीचे स्नायू टाचेच्या हाडाला जोडणाऱ्या जाड स्नायुबंधाला अकिलीस टेंडन म्हणतात. धावताना आणि विशेषतः उडी मारताना शरीराचा सारा भार याच बंधावर येतो. सव्वादोन मीटरच्या आसपास उंची आणि त्याला साजेसे वजन असलेल्या माणसाच्या बाबतीत हा भार किती असेल, हे वेगळे सांगायला नको. झाल्गिरिस आणि राष्ट्रीय संघ असे दुहेरी वेळापत्रक सांभाळणाऱ्या साबोनिसचा हा बंध तुटला. तो पुरता बरा होण्यापूर्वीच दुसऱ्यांदा दुखावला. सत्तावीस-अठ्ठाविसाव्या वर्षी खेळाडू शिखरावर असतो असे मानले जाते. साबोनिस बाविशीतच त्या उडीला कायमचा मुकला.

१९८८मध्ये सोव्हिएत अधिकाऱ्यांनी त्याला उपचारांसाठी पोर्टलंडला जाऊ दिले. ज्या क्लबकडून खेळण्यास त्याला मनाई होती, त्याच क्लबच्या वैद्यकीय मदतीने तो पुन्हा उभा राहू लागला. अमेरिकेच्या ऑलिम्पिक संघाचे प्रशिक्षक जॉन थॉम्पसन यांना ही मदत रुचली नाही आणि त्यांनी तसे उघडपणे बोलून दाखवले. प्रतिस्पर्ध्याचा सर्वांत मोठा खेळाडू आपणच बरा करून द्यायचा, हे त्यांना पटणारे नव्हते.

त्यांची भीती खरी ठरली. सप्टेंबर १९८८मध्ये सेऊल ऑलिम्पिकच्या उपांत्य सामन्यात सोव्हिएत संघाने अमेरिकेला ८२-७६ असे हरवले आणि अंतिम सामन्यात युगोस्लाव्हियाला ७६-६३ असे नमवून सुवर्णपदक जिंकले. बारा जणांच्या त्या संघात साबोनिस, शारूनास मार्चुलियोनिस, रिमास कुर्तिनाइतिस आणि वाल्देमारास होमिचुस हे चार लिथुआनियन होते आणि विजयाचा मोठा भार त्यांनीच उचलला होता. सुवर्णपदक जिंकलेत तर परदेशी खेळण्याची मुभा मिळवून देईन, असा शब्द प्रशिक्षक अलेक्झांडर गोमेल्स्की यांनी दिला होता, असे त्यांच्या खेळाडूंनी नंतर सांगितले आहे. अमेरिकेच्या बाजूने मात्र या पराभवाचा परिणाम वेगळाच झाला. केवळ विद्यार्थी खेळाडूंचा संघ पाठवून ऑलिम्पिक जिंकता येत नाही, हे तेथे सर्वांना कळून चुकले.

एप्रिल १९८९मध्ये म्युनिक येथे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाने, म्हणजे फिबाने, ५६ विरुद्ध १३ मतांनी व्यावसायिक खेळाडूंना ऑलिम्पिकची दारे खुली केली. हौशी आणि व्यावसायिक हा भेद तेथेच संपला. सोव्हिएत युनियनमध्येही गोर्बाचेव्ह यांच्या धोरणामुळे बंधने सैल होत होती. मार्चुलियोनिस त्याच वर्षी अमेरिकेतील गोल्डन स्टेट वॉरियर्सकडे गेला. साबोनिसने मात्र स्पेनची वाट धरली.

स्पेनमधील सहा वर्षे

दार उघडल्यावरही तो पोर्टलंडला का गेला नाही? याचे उत्तर त्याच्या पायांत होते. एनबीएचा संघ साखळी फेरीतच ८२ सामने खेळतो आणि एक सामना ४८ मिनिटांचा असतो. युरोपात सामना ४० मिनिटांचा असतो आणि त्या काळी आठवड्याला एखाद-दुसराच सामना खेळावा लागे. सरावाला आणि विश्रांतीला वेळ मिळे. दुखऱ्या टाचेच्या खेळाडूसाठी हा हिशेब निर्णायक होता.

साबोनिस प्रथम वायादोलिद या मध्यम शहरातील क्लबकडे गेला. हा संघ विजेतेपदाच्या शर्यतीतला नव्हता. साबोनिसनेही तेथे चषक जिंकला नाही. परंतु या तीन हंगामांत त्याने आपला खेळ नव्याने उभा केला. उडी कमी झाली तेव्हा त्याने जागा पकडण्यावर भर दिला. वेग कमी झाला तेव्हा पास अधिक धारदार केला. रिंगपासून थोडे दूर उभे राहायचे, चेंडू हातात घेऊन सर्व मैदान न्याहाळायचे आणि कापत आत जाणाऱ्या सहकाऱ्याच्या हातात तो अचूक ठेवायचा, ही त्याची पद्धत येथे पक्की झाली.

१९९२मध्ये रेआल माद्रिदने त्याला करारबद्ध केले आणि मग चषकांची रांग लागली. १९९३ आणि १९९४ अशी दोन वर्षे स्पॅनिश लीगचे विजेतेपद माद्रिदने पटकावले. एप्रिल १९९५मध्ये सारागोसा येथे झालेल्या युरोपीय क्लब स्पर्धेच्या अंतिम सामन्यात ग्रीसच्या ऑलिंपियाकोसला ७३-६१ असे हरवून माद्रिदने पंधरा वर्षांनंतर हा मान मिळवला. प्रशिक्षक होते झेल्को ओब्रादोविच आणि अंतिम टप्प्यातील सर्वोत्तम खेळाडू होता साबोनिस. १९८६मध्ये बुडापेस्टला निसटलेला चषक नऊ वर्षांनी दुसऱ्याच देशाच्या क्लबकडून त्याच्या हाती आला.

ध्वज बदलला, घर तेच

दरम्यान त्याचा स्वतःचा देश नकाशावर परतला होता. ११ मार्च १९९० रोजी लिथुआनियाने स्वातंत्र्य जाहीर केले. त्या वर्षीच्या जागतिक स्पर्धेत लिथुआनियन खेळाडू सोव्हिएत संघाकडून उतरलेच नाहीत. जानेवारी १९९१मध्ये राजधानी विल्नियस येथे सोव्हिएत रणगाडे दूरचित्रवाणी मनोऱ्यावर चालून गेले आणि १४ नागरिकांचा बळी गेला. सप्टेंबर १९९१मध्ये सोव्हिएत युनियनने लिथुआनियाचे स्वातंत्र्य मान्य केले आणि डिसेंबरमध्ये स्वतः सोव्हिएत युनियनच इतिहासजमा झाली.

नव्या देशापाशी ऑलिम्पिक संघ पाठवण्यापुरतेही पैसे नव्हते. मार्चुलियोनिसने अमेरिकेत निधी जमवला. 'ग्रेटफुल डेड' या कॅलिफोर्नियातील रॉक बँडने त्याला मदत केली आणि लिथुआनियाच्या ध्वजाच्या पिवळ्या, हिरव्या व लाल रंगांत रंगवलेले टी-शर्ट संघाला मिळाले. १९९२च्या बार्सिलोना ऑलिम्पिकमध्ये मायकल जॉर्डन, मॅजिक जॉन्सन आणि बर्ड यांच्या अमेरिकी 'ड्रीम टीम'ने उपांत्य सामन्यात लिथुआनियाचा १२७-७६ असा फडशा पाडला. पण काउनासच्या दृष्टीने खरा सामना त्यानंतरचा होता. कांस्यपदकासाठी समोर होता माजी सोव्हिएत प्रजासत्ताकांचा एकत्रित संघ. चार वर्षांपूर्वीच्या सहकाऱ्यांविरुद्धची ही लढत लिथुआनियाने ८२-७८ अशी जिंकली. पदक स्वीकारताना खेळाडूंच्या अंगात तेच रंगीबेरंगी टी-शर्ट होते.

सेऊलचे सुवर्ण आणि बार्सिलोनाचे कांस्य यांत मोठे पदक कोणते, याचे उत्तर पदकतक्त्यात मिळत नाही. एक पदक अशा देशासाठी होते, ज्याचे नागरिकत्व साबोनिसने मागितलेले नव्हते. दुसऱ्या पदकासाठी खेळायचे की नाही, हे प्रथमच त्याच्या हातात होते. १९९६मध्ये अटलांटाला लिथुआनियाने ऑस्ट्रेलियाला ८०-७४ असे हरवून पुन्हा कांस्यपदक मिळवले आणि त्या संघातही तो होता.

नऊ वर्षे उशीर

१९९५च्या उन्हाळ्यात साबोनिसने अखेर पोर्टलंडशी करार केला. त्याच्या पायांचे क्ष-किरण चित्र पाहून क्लबच्या डॉक्टरांनी, या माणसाला केवळ या चित्राच्या आधारे अपंगांसाठी राखीव जागेत गाडी लावण्याचा परवाना मिळेल, असा अभिप्राय दिल्याचा किस्सा बास्केटबॉल वर्तुळात प्रसिद्ध आहे. त्या पायांवर त्याने पहिल्या हंगामात सरासरी २४ मिनिटांहूनही कमी वेळ खेळून १४.५ गुण आणि ८.१ रिबाउंड मिळवले. सर्वोत्तम नवोदित आणि सर्वोत्तम बदली खेळाडू या दोन्ही पुरस्कारांच्या मतदानात तो दुसरा आला. नवोदित म्हणून गणल्या गेलेल्या या खेळाडूच्या नावावर तेव्हा दोन ऑलिम्पिक पदके होती.

देश बदलला की खेळही थोडा बदलावा लागतो. एनबीएत तीन गुणांची रेषा युरोपातील तत्कालीन रेषेपेक्षा लांब होती. रिंगवर आदळलेला चेंडू फिबाच्या नियमांत हाताने ढकलता येतो, एनबीएत तो रिंगच्या वर असेपर्यंत शिवता येत नाही. त्या काळी एनबीएत क्षेत्ररक्षणाच्या पद्धतीने बचाव करण्यास मनाई होती. प्रत्येकाने आपला प्रतिस्पर्धी अडवायचा, असा दंडक होता. म्हणजे तिशीतल्या, संथ झालेल्या साबोनिसला शकील ओनीलसारख्या बलदंड तरुण सेंटरला अंगावर घेणे भाग होते. तो शक्तीने कमी पडे, पण बुद्धीने क्वचितच.

सन २००० हे वर्ष त्याच्या अमेरिकेतील कारकिर्दीचे शिखर ठरले असते. पश्चिम विभागाच्या अंतिम मालिकेत पोर्टलंडने लॉस एंजेलिस लेकर्सशी ३-३ अशी बरोबरी साधली होती. सातव्या सामन्याच्या शेवटच्या सत्रात पोर्टलंडकडे १५ गुणांची आघाडी होती. ती हातातून गेली आणि लेकर्सने सामना ८९-८४ असा जिंकला. लेकर्स पुढे विजेते ठरले. साबोनिसला एनबीएचे विजेतेपद कधीच मिळाले नाही. एक हंगाम विश्रांती घेऊन तो परतला आणि २००३मध्ये त्याने अमेरिकेचा निरोप घेतला.

पुन्हा काउनास

३८ वर्षांचा साबोनिस २००३मध्ये झाल्गिरिसकडे परतला. त्याने क्लबच्या मालकीतही वाटा घेतला. ही निवृत्तीपूर्वीची औपचारिक भेट ठरेल, असे अनेकांना वाटले होते. प्रत्यक्षात २००३-०४च्या युरोलीगमध्ये साखळी फेरी आणि पुढील सोळा संघांची फेरी, अशा दोन्ही टप्प्यांत तो सर्वोत्तम खेळाडू ठरला. एप्रिल २००४मध्ये तेल अवीव येथे मक्काबी संघाविरुद्धचा सामना जिंकला असता, तर झाल्गिरिसने अंतिम चार संघांत प्रवेश केला असता. पाच फाउल झाल्यामुळे साबोनिसला बाहेर बसावे लागले. सामना संपता संपता मक्काबीच्या डेरिक शार्पने दुरून तीन गुणांची फेक टाकून बरोबरी साधली आणि जादा वेळेत मक्काबीने बाजी मारली. २००५मध्ये साबोनिसने अधिकृतपणे निवृत्ती जाहीर केली. २०१०मध्ये फिबाच्या आणि २०११मध्ये अमेरिकेतील नेस्मिथ यांच्या नावाच्या सन्मानदालनात त्याला स्थान मिळाले.

'जर-तर'पलीकडे

साबोनिसचा विषय निघाला की बहुतेक चर्चा एकाच प्रश्नावर येऊन थांबते. तो १९८६मध्येच एनबीएत गेला असता तर? प्रश्न स्वाभाविक आहे, पण तो एक गोष्ट गृहीत धरतो. काउनास, वायादोलिद आणि माद्रिद ही जणू प्रतीक्षालये होती आणि खरा खेळ फक्त अमेरिकेत होता, असे ते गृहीतक आहे. काउनासच्या प्रेक्षकांनी लष्कराच्या क्लबला तीनदा हरताना पाहिले, माद्रिदला पंधरा वर्षांनी युरोपचा चषक मिळाला आणि नव्या लिथुआनियाला पहिले बास्केटबॉल पदक मिळाले. या गोष्टींना एनबीएच्या मोजपट्टीने मोजता येत नाही.

तरीही नुकसान झाले, हे नाकारण्यात अर्थ नाही. ते नुकसान नेमके कोणते, एवढाच प्रश्न आहे. साबोनिसची स्पर्धा करण्याची वर्षे हुकली नाहीत. त्या वर्षांत कुठे खेळायचे, किती खेळायचे आणि दुखावलेल्या पायाला किती विश्रांती द्यायची, हे ठरवण्याचा अधिकार हुकला. आपल्या श्रमाचे मोल, आपल्या शरीराची काळजी आणि आपल्या मुक्कामाचे ठिकाण या तिन्ही बाबतींत शेवटचा शब्द दुसऱ्याचा होता.

आज चित्र पालटले आहे. आंतरराष्ट्रीय बदलीसाठी आधीच्या देशाच्या महासंघाचे ना-हरकत पत्र लागते. ते कधी आणि कोणत्या कारणास्तव अडवता येते, याचे नियम लिहिलेले आहेत. चालू करार असेल तर ठरलेली रक्कम भरून त्यातून बाहेर पडता येते. परदेशी खेळाडू २२व्या वर्षी आपोआप ड्राफ्टला पात्र ठरतो आणि हवे तर त्याआधीही नाव नोंदवू शकतो. स्लोव्हेनियाचा लुका डॉन्चिच किशोरवयात रेआल माद्रिदकडे आला, २०१८मध्ये युरोलीग जिंकला आणि त्याच वर्षी ड्राफ्टमध्ये तिसऱ्या क्रमांकावर निवडला जाऊन एनबीएत गेला. सर्बियाचा निकोला योकिच साबोनिसप्रमाणेच रिंगपासून दूर उभा राहून पास देणारा सेंटर आहे. २०२१, २०२२ आणि २०२४ अशी तीन वर्षे तो एनबीएचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. एकेकाळी ज्या शैलीकडे अपवाद म्हणून पाहिले जाई, तीच आता आदर्श बनली आहे.

साबोनिसच्या घरातच या बदलाचा पुरावा आहे. त्याचा मुलगा डोमांतास १९९६मध्ये पोर्टलंडला जन्मला, स्पेनमधील मालागा येथे वाढला, अमेरिकेतील गोन्झागा विद्यापीठाकडून खेळला आणि २०१६मध्ये ड्राफ्टमध्ये ११व्या क्रमांकावर निवडला गेला. २०२२-२३पासून सलग तीन हंगाम रिबाउंडच्या सरासरीत तो एनबीएत अव्वल होता. उन्हाळ्यात तो लिथुआनियाची जर्सी घालतो. तीन देशांशी नाते असलेल्या या मुलाला कोणत्या क्लबकडून आणि कोणत्या ध्वजाखाली खेळायचे, हे कोणत्याही समितीने सांगितले नाही. वडिलांना जे तिशीत मिळाले, ते मुलाला विशीच्या आतच मिळाले होते.